इटलीत कुटुंबे घट्ट, तरी पाळणे रिकामे का?

मांजराकाठ (लातूर)
नमस्कार. आमच्या वाचनगटाच्या पुढील बैठकीत इटलीतील समाजबदलावर बोलण्याची जबाबदारी माझ्याकडे आली आहे. चर्चला मानणारी, आजी-आजोबांसह एका टेबलावर जेवणारी मोठी कुटुंबे, हेच चित्र मनात होते. आकडे मात्र वेगळेच सांगतात. १९६४ साली तेथे दहा लाखांहून अधिक मुले जन्मली होती; २०२४ मध्ये ही संख्या सुमारे ३ लाख ७० हजारांवर आली आणि जननदर (एका स्त्रीमागे सरासरी मुले) १.१८ झाला. तेथील तरुण तिशीपर्यंत आईवडिलांच्याच घरी राहतात, म्हणजे कुटुंबे मोडली म्हणून जन्म घटले असेही म्हणता येत नाही. धर्माची पकड सुटल्याचा हा परिणाम आहे, असे आमच्या गटातील ज्येष्ठांचे ठाम मत आहे. ते कितपत ग्राह्य धरावे?

बालाघाट (अंबाजोगाई)
धर्माची पकड सैल झाली, यात शंका नाही. १९७० साली घटस्फोटाचा कायदा आला आणि तो रद्द करावा म्हणून १९७४ मध्ये सार्वमत घेण्यात आले, तेव्हा सुमारे ५९ टक्के मतदारांनी कायद्याच्या बाजूने कौल दिला. १९७५ मध्ये पती-पत्नींना कायद्याने समान स्थान मिळाले, १९७८ मध्ये गर्भपाताला मान्यता मिळाली, आणि ‘अब्रूसाठी’ केलेल्या खुनाला सौम्य शिक्षा देणारे कलम १९८१ मध्ये गेले. (हे कलम इतकी वर्षे टिकले, हे ऐकून आपल्या ज्येष्ठांनाही नवल वाटेल.) २०१८ मध्ये नोंदणी विवाहांनी चर्चमधील विवाहांना मागे टाकले. तथापि धर्म हेच कारण असते, तर इटलीहून कितीतरी आधी धर्मापासून दूर गेलेल्या फ्रान्समध्ये जननदर इटलीपेक्षा जास्त राहिला नसता.

माझ्या मते खरे कारण उलट दिशेला आहे. कुटुंब सगळे निभावून नेईल, या भरवशावर तेथील शासनाने बालसंगोपनाकडे फारसे लक्ष दिले नाही. तीन वर्षांखालील दर शंभर मुलांमागे पाळणाघरांत सुमारे तीसच जागा आहेत, दक्षिणेत तर त्याहूनही बऱ्याच कमी. जेथे आजी जवळ नाही, तेथे आईला नोकरी सोडावी लागते, आणि स्त्रियांच्या रोजगारात इटली युरोपीय संघात तळाशी आहे. तरुणांना मिळते ती बहुधा मुदतीच्या करारावरची, तुटपुंज्या पगाराची नोकरी. त्यामुळे ते घर उशिरा सोडतात, पहिले मूल होईपर्यंत आई सरासरी बत्तिशीच्या आसपास पोहोचलेली असते आणि दुसऱ्या मुलाचा विचार तेथेच थांबतो. रोजगार आणि कुटुंबांना मिळणारे स्थानिक साहाय्य दोन्ही बरे असलेल्या ट्रेंतिनो-आल्तो आदिजे या उत्तरेकडील प्रदेशात जननदर देशात सर्वाधिक आहे, तर सार्डिनिया बेटावर तो २०२४ मध्ये ०.९१ इतका खाली आला.

गोदाकाठ (नांदेड)
वरील विवेचनात एक बाजू राहिली. घरातील माणसे पुरत नाहीत, म्हणून वृद्धांची सेवा आता युक्रेन, रोमानिया, मोल्दोव्हा, फिलिपिन्स येथून आलेल्या स्त्रिया करतात. उत्तर इटलीतील पो नदीच्या खोऱ्यातील गोठे तर मोठ्या प्रमाणावर पंजाबी शीख कामगारांवर चालतात आणि तेथील प्रसिद्ध चीजचे दूध त्यांच्याच हातून जाते. नोव्हेल्लारा या गावी २००० सालापासून त्यांचा मोठा गुरुद्वारा आहे. हुजूर साहिबच्या दर्शनाला इटलीतून आलेली अशी कुटुंबे आमच्याकडे भेटतात, त्यांची मुले आपापसांत सफाईदार इटालियन बोलत असतात. तरीही १९९२ च्या कायद्यानुसार परदेशी आईवडिलांच्या पोटी इटलीत जन्मलेल्या मुलाला सलग वास्तव्यासह अठरा वर्षे पूर्ण झाल्यावरच स्वतः नागरिकत्व मागता येते. युरोपीय संघाबाहेरील प्रौढांसाठी असलेली दहा वर्षांच्या वास्तव्याची अट पाचावर आणण्यासाठी जून २०२५ मध्ये सार्वमत झाले, पण पुरेसे मतदानच न झाल्याने ते निष्फळ ठरले. मुले हवीत, पण ही नकोत, असा हा हिशेब मला तरी पटत नाही.

मांजराकाठ (लातूर)
दोघांचेही आभार. एक शंका उरते. २०२२ पासून तेथे प्रत्येक मुलामागे मासिक भत्ता मिळतो, तरी जन्म घटतच आहेत. मग शासकीय मदतीचा मुद्दा लंगडा पडत नाही का?

बालाघाट (अंबाजोगाई)
शंका रास्त आहे. भत्त्याने पाळणाघर उभे राहत नाही आणि नोकरीही कायम होत नाही. त्याहून मोठी अडचण अशी, की साठ-सत्तरच्या दशकांत जन्मलेल्या स्त्रियांच्या मोठ्या पिढ्यांनी प्रजननाचे वय ओलांडले आहे आणि त्यांच्या जागी आलेल्या पिढ्या मुळातच लहान आहेत. त्यामुळे जननदर थोडा वाढला, तरी एकूण जन्म काही वर्षे कमीच राहतील. गटात मांडणी करताना जन्मसंख्या आणि जननदर हे दोन आकडे वेगळे ठेवावेत. ज्येष्ठांशी होणारा निम्मा वाद तेथेच मिटेल.