लवादाचं कलम घातलं म्हणजे भाडेकरू उठला?

अनगोळकर जावई
परवा एकानं शहाणपण शिकवलंय: ‘भाडेकरारात लवादाचं कलम घाला, कोर्टाची पायरी चढायला नको, सहा महिन्यांत जागा मोकळी.’ लवाद म्हणजे भांडण झालं तर कोर्टाऐवजी निवाडा देणारा पंच. खाली सगळ्यांनी हात जोडलेत. वाचून डोकं उठलं, म्हणून लांबण लावतोय. कंटाळा आला तर कुंदा खाऊन या.

माझ्या सासऱ्यांच्या करारात हेच कलम होतं. लवाद कोण, तर त्यांचेच थोरले बंधू. भाडेकरूचा वकील नुसता हसला. लवाद कायद्याच्या 2015 च्या दुरुस्तीपासून पक्षकाराचा सख्खा भाऊ लवाद म्हणून बसूच शकत नाही. मग नवा लवाद नेमून घ्यायला कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात अर्ज. नेमला, तर बैठकीगणिक फी. निकाल आमच्या बाजूनं लागला, पण लवाद काही कुलूप काढायला येत नाही ओ! भाडेकरूला आव्हान द्यायला तीन महिने, कारण पटलं तर वर तीस दिवस. आणि ताबा घ्यायला शेवटी दरखास्त, म्हणजे निकाल अमलात आणायचा अर्ज, बेळगावच्या कोर्टातच. ज्या दारातून पळालो त्याच दारात परत, खिसा तेवढा हलका.

गणपत गल्लीतल्या खोकड्याएवढ्या दुकानांना तर हे कलम लागूच होत नाही. भाडे कायद्यातली जागा असली की हुकूम त्या कायद्यानं नेमलेल्या कोर्टाचाच. सर्वोच्च न्यायालयाच्या 1981 च्या नटराज स्टुडिओ निकालापासून हे ठरलेलं आहे.

टिळकवाडीची मालकीण
बंधूंना लवाद करायची अक्कल तुमच्या सासऱ्यांची, दोष लवादाला? माझं घर नऊ वर्षं अडकलंय. भाडं अठराशे. जज बदलले, वकील बदलला, भाडेकरूच्या घरात दोन बारशी झाली, मला पेढासुद्धा नाही. लवादाला निदान बारा महिन्यांची मुदत तरी असते. माझ्या दाव्याला कसली मुदत आहे ते सांगा.

अनगोळकर जावई
ताई, दोघं राजी असले तर त्या बारावर आणखी सहा. शिवाय जुनं घर आणि अठराशे भाडं म्हणजे तुम्ही बहुतेक भाडे कायद्यातच. तुम्हाला लवाद मिळणारच नाही, मग मुदत कसली मोजताय?

टिळकवाडीची मालकीण
काकू म्हणा. नातवंडं आहेत मला.

काळा कोट
दोघंही अर्धंच सांगूलालाय. आपल्याकडच्या 1999 च्या भाडे कायद्यात व्यापारी जागा 14 चौरस मीटरपर्यंतचीच बसते, म्हणजे दीडशे चौरस फूट. भाड्यालाही गावाप्रमाणे 3500 नाहीतर 2000 ची मर्यादा आहे, आणि ती कायदा लागू झाला तेव्हाच्या भाड्यावर धरतात, आजच्या नव्हे. त्याबाहेरचं सगळं मालमत्ता हस्तांतरण कायद्याखाली. 2017 साली सर्वोच्च न्यायालयानं तिथंही लवाद नाकारला होता, पण डिसेंबर 2020 मध्ये विद्या द्रोलिया प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी ते मत रद्द केलं. तेव्हा उद्यमबागेतलं मोठं गोदाम असेल तर लवाद चालतो. जावईबापूंनी सरसकट ‘नको’ म्हणू नये.

अनगोळकर जावई
बरं बाबा, गोदामवाल्यांना लवाद लखलाभ. इथं हात जोडणाऱ्यांत किती जणांची गोदामं आहेत तेवढं विचारा.

वडगावचा भाडेकरू
सगळे मालकच बोलायलेत. आमच्या बाबांना दहा महिन्यांचं डिपॉझिट मागितलं, स्टँपपेपर समोर ठेवला, ‘सही करा’ म्हणाले. कागद सगळा कन्नडमध्ये. बाबा सातवीपर्यंत मराठी शाळेत शिकलेले. पुढं भांडण झाल्यावर कळलं, आत लवादाचं कलम आहे आणि लवाद मालकच ठरवणार. न वाचता केलेल्या सहीला राजीखुशी म्हणायचं?

निपाणीकर
मालकानं एकट्यानं लवाद ठरवणं 2019 नंतर टिकत नाही, निवांत राहा. पण कन्नडचं रडगाणं कशाला? राज्य कर्नाटक, कागद कन्नड. पंचवीस वर्षं वडगावात राहून वाचता येत नसेल तर दोष कुणाचा?

वडगावचा भाडेकरू
दोष 1956 च्या राज्य पुनर्रचनेचा. बाबा कुठं गेले नाहीत, राज्य त्यांच्यावरून गेलं.

खानापूरची लेक
वा! निपाणीकर, तुमच्या दुकानाची पाटी कुठल्या भाषेत होती आणि आता कुठल्या भाषेत आहे, तेही लिहा की.

निपाणीकर
पाटीचा काय संबंध? भाडेकरारावर बोला.

खानापूरची लेक
संबंध आहे. काकूंची नऊ वर्षं ऐकून सगळे हळहळले. सीमाप्रश्नाचा दावा 2004 पासून सर्वोच्च न्यायालयात पडलाय. त्यात आम्ही सगळेच पोटभाडेकरू.

टिळकवाडीची मालकीण
आला! दर धाग्यात सीमाप्रश्न येतोच. माझ्या घराचं बोला गं कुणीतरी.

काळा कोट
मग सीमाप्रश्नालाही लवाद नेमा म्हणावं.

खानापूरची लेक
नेमला होता की. महाजन आयोग, 1966. पुढच्या वर्षी अहवाल आला, महाराष्ट्रानं झिडकारला. लवाद कसा असतो ते आम्हाला नका शिकवू.

निपाणीकर
हे मात्र खरं बोललात. एवढंच, बाकी काही मान्य नाही.

कॅम्पातला रिकामटेकडा
शिनोळीत घर बांधा, दहा-पंधरा किलोमीटरवर महाराष्ट्र. तिथं राहण्याच्या जागेचा लीव्ह अँड लायसन्स संपला की सक्षम प्राधिकाऱ्याकडं अर्ज, आणि ताबा देईपर्यंत दुप्पट पैसे.

टिळकवाडीची मालकीण
घर उचलून शिनोळीला नेऊ? काहीही!

काळा कोट
काकू, चिडू नका. विधवा किंवा पासष्टीपुढचा मालक असेल तर आपल्या कायद्यात ताबा मागायची वेगळी तरतूद आहे. वकिलानं सांगितली नाही?

टिळकवाडीची मालकीण
नाही. दर तारखेला फी मात्र न चुकता सांगतो. बहात्तर चालू आहे मला.

अनगोळकर जावई
आणि लोकअदालत? तडजोड झाली तर तिथल्या निवाड्यावर अपील नाही. भाडेकरू थोडे पैसे घेऊन उठेल.

टिळकवाडीची मालकीण
माझंच घर, मीच पैसे देऊ?

वडगावचा भाडेकरू
काकू, नऊ वर्षांची फी मोजा एकदा. आणि माझं डिपॉझिट अजून परत आलेलं नाही, ते कुठल्या कोर्टात मागायचं तेही कुणीतरी सांगा. मराठीत.