राजकीय स्किट शिळं होऊ नये म्हणून संहिता कशी बांधावी?

राजवाडा: इंदूरला आमच्या मंडळाच्या गणपतीत अर्ध्या तासाचं राजकीय विडंबन करायचंय. नमुना म्हणून बीबीसीचा १९६२चा ‘दॅट वॉज द वीक दॅट वॉज’ हा टीव्हीवरचा साप्ताहिक राजकीय विडंबनाचा कार्यक्रम डोळ्यापुढे आहे. महिनाभर आधी लिहिलं तर शिळं होतं, आयत्या वेळी लिहिलं तर पाठांतर होत नाही. त्यांनी हे कसं जमवलं? आणि नेत्यांची नक्कल किती ठेवावी?

नेपथ्य: त्यांचा सांगाडा ठरलेला असे, मजकूर तेवढा ताजा. गायिका मिलिसेंट मार्टिनच्या शीर्षकगीताची चाल तीच, शब्द त्या आठवड्याचे. तुम्हीही चाल आणि ध्रुवपद आत्ताच बसवा, कडवी आदल्या रात्री लिहा. ताज्या बातम्या सूत्रधाराकडे द्या, त्याने कागद हातात धरून वाचाव्यात. निर्माता नेड शेरिनच्या त्या थेट प्रक्षेपणात कॅमेरे आणि स्टुडिओ उघडपणे दिसत, तसाच इथे कागदही खटकणार नाही. पाठांतर फक्त दोन स्किटचं ठेवा, आणि ती बातमीवर न बेतता स्वभावावर बेता.

तालीम: नक्कल कमीच बरी. नट विली रशटनने केलेली तेव्हाचे ब्रिटिश पंतप्रधान मॅकमिलन यांची नक्कल गाजली, पण खरा घाव बसला तो नोंदींचा. सभागृहात तोंडच न उघडलेल्या खासदारांची नावं त्यांनी वाचून दाखवली. गृहमंत्री हेन्री ब्रुक यांच्यावरच्या स्किटमध्ये त्यांचेच निर्णय ओळीने मांडले. हे फार मोलाचं आहे, कारण नोंद खोटी ठरवता येत नाही. तुम्ही नगर निगमच्या छापून आलेल्या घोषणा घ्या, प्रत्येकीची तारीख दोन वर्तमानपत्रांत ताडून पाहा. एक जरी चुकली तरी पुढचं सगळं लोक थट्टेवारी नेतात.

राजवाडा: वेळ लांबली तर? रात्री १०ला लाउडस्पीकर बंद करावा लागतो.

नेपथ्य: त्यांचा कार्यक्रम शनिवारी रात्री सर्वांत शेवटी असे, त्यामुळे लांबला तरी चाले. पुढे हे लांबणं थांबवायला बीबीसीने त्यामागे ‘द थर्ड मॅन’ मालिकेचे जुने भाग लावले, तर सूत्रधार डेव्हिड फ्रॉस्टने शेवटी त्या भागाचं कथानकच सांगून टाकायला सुरुवात केली. ते भाग काढावे लागले! तुम्हाला लांबवायची मुभा नाही. ३० मिनिटांसाठी २४ मिनिटांचंच लिहा, उरलेला वेळ हशा आणि टाळ्या खातात. शेवटून दुसरं स्किट गाळता येईल असं स्वतंत्र ठेवा आणि विंगेत घड्याळ घेऊन एक जण उभा करा.

तालीम: दुःखद बातमी आली तर काय, हेही आधीच ठरवा. केनेडींच्या हत्येनंतर दुसऱ्याच दिवशी, २३ नोव्हेंबर १९६३ला, त्यांनी विडंबन पूर्ण बाजूला ठेवून छोटा श्रद्धांजलीचा कार्यक्रम केला. सूत्रधाराजवळ तसं एक पान असू द्या.