शनिवारचे गोळे सॉसमध्ये फुटतायत!

मेधा, सोमवार, रात्री १०.५२

मंडळी,

शनिवारी स्वीडिश शेजाऱ्यांना जेवायला बोलावलंय, त्यासाठी त्यांच्या मीटबॉलचा, म्हणजे खिम्याच्या गोळ्यांचा, आज घरी नमुना करून बघितला. अर्धा किलो चिकन फॅर्श (खिमा), कांदा, एक अंडं, स्त्रोब्रोड (पावाचा सुका चुरा), दूध, जरासं क्रिडपेप्पार (ऑलस्पाइस). तळून छान झाले होते. मग सॉसमध्ये सोडले, झाकण ठेवून दहा मिनिटं बारीक आचेवर ठेवले, आणि उघडून बघते तर सगळ्याचा खिमा! २७ सोडले होते, अख्खे सापडले ११. लेकानं चमचा बुडवून विचारलं, "आई, ही पेज आहे का?"

शनिवारी ४० माणसं, त्यात निम्मे शेजारी. माणशी सहा धरले तरी २४० गोळे. ब्लांडफॅर्श (बीफ-पोर्कचा मिश्र खिमा) घे, त्याचे फुटत नाहीत, हे कृपा करून कुणी सांगू नका. चिकनचं मीटिंगमध्ये ठरलंय आणि ती मीटिंग मला परत नकोय. फुटू नयेत म्हणून काय करायचं तेवढं सांगा.

अण्णा, मंगळवार, सकाळी ६.१५

गोळ्यांचं नंतर बघू. मोठं पातेलं कुणाकडे आहे? गणपतीनंतर माझ्याकडे फक्त झाकण परत आलंय. भांड्यांच्या वहीत पातेल्यापुढे कुणाचीही सही नाही.

शेजाऱ्यांना जेवायला बोलावून त्यांना त्यांच्याच घरचं वाढायचं, हे मला अजूनही पटलेलं नाही. पण ठरलंय म्हणता, तर ठरलं.

कुमुदकाकू, मंगळवार, सकाळी ८.४०

मेधा बाळा, गोळ्यांच्या आमटीचे गोळे फुटले की आपण काय करतो? आमटीला खळखळून उकळी आल्याशिवाय गोळा आत जाता कामा नये. तुझा सॉस कोमट असणार. आमच्या सासूबाई आधी एकच गोळा सोडून बघायच्या. तो टिकला तर बाकीचे, नाहीतर आणखी बेसन. तूही दोन चमचे बेसन घाल, कुणाला कळणारसुद्धा नाही.

लिंगोनचा (आंबट लाल बेरीचा) जॅम दरवर्षीप्रमाणे मी आणते. दुसऱ्या कुणी करू नये, मागच्या वेळी तीन बरण्या उरल्या होत्या.

शिरीष, मंगळवार, दुपारी १२.०५

काकूंचं बरोबर आहे, कारण हा मुळात कोफ्ताच. २०१८ साली स्वीडनच्या अधिकृत ट्विटर खात्यानंच कबूल केलं होतं की ही पाककृती बाराव्या कार्ल राजानं तुर्कस्तानातून आणली. १७०९ मध्ये पोल्टाव्हाला रशियाकडून हरल्यावर तो पाच वर्षं तुर्कांच्या आश्रयाला होता. म्हणजे आपल्या कोफ्त्याचा हा चुलतभाऊ. मग रश्श्यात शिजवायला काय हरकत आहे?

मंदार, मंगळवार, दुपारी १२.३१

शिरीष, ट्वीट म्हणजे बखर नव्हे. छापील पुरावा स्वीडिश लेखिका कायसा वार्गच्या १७५५ च्या पाकपुस्तकातला आहे. बाकी खिम्याचा गोळा वळायला कुणाला तुर्कस्तानात जाऊन राहावं लागत नाही.

जाता जाता, सॉसला बुल्योंग (स्टॉक) कुठलं? नऊ जण शाकाहारी आहेत आणि बटाट्यावर घालायला तेही सॉस मागणार. गेल्या वर्षीसारखी कचऱ्यातून डबी काढून वाचायची वेळ आणू नका.

स्नेहल, मंगळवार, रात्री ९.२०

अहो, सॉसमध्ये गोळे शिजवायचेच नसतात! लग्नाला १२ वर्षं झाली, माझ्या स्वीडिश सासूबाईंना मी कधी गोळे सॉसमध्ये उकळताना पाहिलं नाही. गोळे वेगळे, सॉस वेगळा, आणि गाठभेट ताटात. मीही पहिल्या वर्षी कोफ्ताकरीसारखंच केलं होतं. सासरे काही बोलले नाहीत, फक्त काटा बाजूला ठेवून चमचा मागितला.

मेधा, आता तुझ्या फॅर्शचं. चिकनचं फॅर्श मुळात ओलसर, त्यात कांद्याचं पाणी. कांदा किसून लोण्यावर परत आणि गार करून घाल. स्त्रोब्रोड दुधात १० मिनिटं फुगू दे. किलोला दीड डेसिलीटर स्त्रोब्रोड आणि तेवढंच दूध, जास्त नको. मीठ शेवटी भुरभुरायचं नाही, आधी नुसत्या फॅर्शमध्ये घालून हातानं मळायचं. मिठानं मांसातलं प्रथिन सुटतं आणि फॅर्श बोटांना चिकटायला लागतं. तसं चिकटलं की बाकीचं मिसळ आणि तासभर फ्रीजमध्ये ठेव. ओल्या हातानं वळ, एक तळून चाखून बघ. चार किलो लागेल.

हॉलच्या चार शेगड्यांवर २४० गोळे तळत बसू नका. ट्रेला तेल लावून ओव्हनमध्ये २२५ अंशांवर १२ ते १५ मिनिटं. चिकन आहे, मधला एक कापून बघायचाच. थर्मामीटर असेल तर आत ७५ अंश.

सॉससाठी आयकियानं २०२० च्या लॉकडाऊनमध्ये दिलेलं प्रमाण सोपं आहे. ४० ग्रॅम लोणी, ४० ग्रॅम मैदा, ३०० मिली बुल्योंग, १५० मिली क्रीम, दोन छोटे चमचे सोया, एक छोटा चमचा डिजाँ मोहरी. हे चौघा-पाचजणांना होतं, म्हणजे आठपट. त्यात निम्मं बुल्योंग बीफचं आहे, आपण सगळं भाज्यांचं घेऊ, मंदारचाही प्रश्न मिटला. क्रीम व्हिस्पग्रेदेच (घट्ट व्हिपिंग क्रीम) आणा. 'लाइट' क्रेम फ्रेश (आंबट क्रीम) उकळला की फाटतो.

कुमुदकाकू, बुधवार, सकाळी ७.५५

बेसनाबद्दल कुणी काहीच बोललं नाही.

शिरीष, बुधवार, सकाळी ९.१०

नवी मुंबईत तुर्भ्याच्या आयकियात चिकनचेच मिळतात, तेव्हा चिकनबद्दल नाक मुरडणाऱ्यांनी नोंद घ्यावी. आमच्या शेजाऱ्याकडे मूसचं (मोठ्या हरणाचं) फॅर्श आहे, स्वतः शिकार केलेलं. एक किलो द्यायला तयार आहे. विचारू का?

मेधा, बुधवार, रात्री ११.०४

शिरीष, नको!!

स्नेहल, आत्ताच पुन्हा केले. २५ पैकी २५ अख्खे. मीठ घालून मळल्यावर फॅर्श खरंच बोटांना धाग्यासारखं चिकटलं. सॉस वरून ओतला. लेकानं सात खाल्ले आणि मग विचारलं, उद्या परत पेज तर नाही ना. काकू, चार गोळ्यांत बेसन घातलं होतं. टिकले, पण भज्यासारखे लागले, रागावू नका.

शनिवारी वळायला चार जण हवेत, दुपारी एकला. बटाटे मंदार. प्रेसगुर्का (काकडीचं आंबटगोड लोणचं) कोण करणार? १-२-३ चं प्रमाण लक्षात ठेवा, एक भाग एतिका (व्हिनेगर), दोन साखर, तीन पाणी. एतिका १२ टक्क्यांची. मी स्वतः एकदा २४ ची बाटली तशीच ओतली होती. काकडी तोंडात घातल्यावर पाहुण्याचे डोळे भरून आले आणि तो म्हणाला, छान आहे.

अण्णा, गुरुवार, सकाळी ६.०८

झाकण आणतो. चार लिटर सॉस कशात करणार आहात?