पाखंडी की पाषंडी? काळाबद्दल वेगळे बोलणाऱ्याला काय म्हणावे

एक दीर्घकथा लिहिते आहे. तिचा नायक विचारवंत आहे. काळ वाहत नाही, असे त्याचे मत आहे. गेलेले कुठेही जात नाही, येणारे कुठूनही येत नाही, सगळे एकदमच आहे. या मतासाठी त्याच्यावर खटला भरला जातो. तर त्याला काय म्हणायचे, या एका शब्दावर कथा आठवडाभर अडली आहे.

पहिला शब्द अर्थातच 'पाखंडी'. पण आज पाखंडी म्हटले की ढोंगी माणूस डोळ्यांसमोर येतो, बोलतो एक आणि वागतो दुसरे असा. माझा नायक नेमका उलटा आहे. मनात तेच ओठावर, म्हणून तर तो अडकला. शब्दाचा मूळ अर्थ असा नव्हता. अशोकाच्या बाराव्या शिलालेखात 'पासंड' म्हणजे फक्त पंथ. आपल्या पासंडाची उगाच स्तुती आणि दुसऱ्याच्या पासंडाची निंदा करू नये, असे त्यात सांगितले आहे. निंदेचा रंग पुढे चढला. ज्ञानेश्वरीत 'पाखांडाचे दरकुटे' मोडायचेच असतात. युरोपातल्या 'हेरेसी'चेही, म्हणजे चर्चला अमान्य मताचेही, असेच झाले. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ 'निवड' एवढाच.

'नास्तिक' सुचवला गेला. तो मला मुळीच पटत नाही. मनुस्मृती वेदनिंदकाला नास्तिक म्हणते, आपण देव न मानणाऱ्याला म्हणतो, पण दोन्हीकडे 'नास्ति', म्हणजे 'नाही', हा गाभा आहे. माझा नायक तर जास्तच 'आहे' म्हणतो. बौद्धांमध्ये असा एक संप्रदाय होऊनही गेला. भूत, वर्तमान, भविष्य या तिन्ही काळांतले धर्म, म्हणजे अस्तित्वाचे मूळ घटक, अस्तित्वात असतात असे तो मानत असे, म्हणून त्याचे नावच सर्वास्तिवाद. अशा माणसाला नास्तिक कसे म्हणणार? 'बंडखोर'ही नको, त्याने बंड केलेले नाही. 'धर्मद्रोही' हा फिर्यादीचा शब्द आहे, तो निवेदकाच्या तोंडी घातला की निकाल आधीच लागल्यासारखा होतो.

काळावरच्या मतासाठी एवढे रान कोण उठवेल, अशी शंका एका मैत्रिणीने काढली. उठवतात. 1277 मध्ये पॅरिसच्या बिशपने 219 विधाने निषिद्ध ठरवली, आणि जग अनादि आहे हे मत त्यांत होते. काळाला आरंभ नाही म्हटले की निर्मितीचा क्षणच हातातून निसटतो.

मराठीत तर आणखी एक धार आहे. 'काळ' म्हणजे मृत्यूही. 'काळ आला होता पण वेळ आली नव्हती' यातला काळ घड्याळातला नव्हे. त्यामुळे नायक 'काळ नाही' म्हणाला की जमावाला 'मरण नाही' असे ऐकू येते. खटल्याचा प्रसंग मी याच गैरसमजावर उभा केला आहे, आणि तो दुसऱ्या भाषेत असाच उभा राहील असे मला वाटत नाही.

'वेळ'ही तशीच. तो वेळ जातो, लागतो, पुरत नाही. ती वेळ येते, ठरते, टळते. 'यायला वेळ झाला' आणि 'यायची वेळ झाली' यांत लिंग बदलले की अर्थ बदलतो: एकीकडे लांबी, दुसरीकडे बिंदू. माझ्या नायकाला 'तो वेळ' मान्य नाही, 'ती वेळ' आहे. हे त्याच्याकडून समजावून न घेता त्याच्या वाक्यांतून पुल्लिंगी वेळ गाळून टाकला आहे.

'परवा' त्याचा लाडका शब्द. तो दोन्हीकडे चालतो, 'परवा भेटलो' आणि 'परवा भेटू'. दिशा क्रियापद दाखवते. तो एका मुलीला नुसतेच 'परवा' म्हणतो आणि थांबतो. ती विचारते, "झालं की व्हायचंय?" तो उत्तर देत नाही. हा प्रसंग मला स्वतःला फार जवळचा आहे.

तूर्त असे ठरवले आहे: जमाव 'पाखंडी' ओरडेल, निवेदक त्याच शब्दाचे संस्कृत रूप 'पाषंडी' लिहील. ष पाहून वाचक क्षणभर थबकला आणि ढोंगी हा अर्थ बाजूला राहिला, तरी पुरे.

अडचण उरते ती क्रियापदांची. त्याला सगळीकडे 'आहे' हवे. 'उद्या सुट्टी आहे' आपण सहज म्हणतो, तेव्हा भविष्य सोपे गेले. 'काल पाऊस आहे' मात्र कानाला खुपते. 'कालचा पाऊस आहे' म्हटले तर तो साचलेल्या पाण्याबद्दल बोलतोय असे वाटते. 'काल' आणि 'आहे' एका वाक्यात न खुपता नांदतील अशी रचना कुणाला सुचते का?