छोट्या महाविद्यालयाचा फुटबॉल हंगाम : जवळून पाहिलेल्यांचे अनुभव

अमेरिकेतील फुटबॉल, म्हणजे हेल्मेट घालून आणि चेंडू हातात घेऊन खेळायचा तिथला खेळ, म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर लाखभर प्रेक्षकांनी भरलेली मैदाने येतात. या धाग्यात मात्र डिव्हिजन थ्री या महाविद्यालयीन खेळांच्या तिसऱ्या श्रेणीतल्या लहान महाविद्यालयांविषयी लिहावे, अशी विनंती आहे. या श्रेणीत सुमारे २४० संघ खेळतात आणि नियमानुसार त्यांतल्या एकाही खेळाडूला खेळासाठी शिष्यवृत्ती मिळत नाही.

मी इंडियानात क्रॉफर्ड्सव्हिलजवळ राहतो. इथले वॉबॅश आणि ग्रीनकॅसलचे डिपॉ ही दोन महाविद्यालये १८९० पासून एकमेकांशी खेळत आली आहेत, आणि १९३२ पासून जिंकणाऱ्या संघाला मोनॉन रेल्वेच्या इंजिनावरची सुमारे ३०० पौंड वजनाची घंटा मिळते. नोव्हेंबरातला हा सामना पाहायला पहिल्यांदा गेलो तेव्हा मला खेळाचे नियमही ठाऊक नव्हते. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे, नाही जमले तर चेंडू समोरच्यांकडे जातो, एवढे शेजारी बसलेल्या आजोबांनी समजावले आणि त्याच शिदोरीवर मी तीन तास काढले. आता दर वर्षी जातो. पण मला दिसतो तो हंगामाचा केवळ शेवटचा दिवस. ऑगस्टपासून तिथवर काय काय घडते, ते आतून पाहिलेल्यांनी सविस्तर लिहावे.

ओहायोहून, एका संघाच्या ट्रेनर

मी मूळची नाशिकची. फिजिओथेरपी तिकडे शिकले, ॲथलेटिक ट्रेनिंगचे, म्हणजे खेळाडूंच्या दुखापती सांभाळण्याचे, पुढचे शिक्षण इथे घेतले आणि गेली सहा वर्षे एका लहान महाविद्यालयाच्या संघाबरोबर आहे. आमचा हंगाम ऑगस्टच्या उकाड्यात सुरू होतो. पहिले दोन दिवस फक्त हेल्मेट, पुढचे दोन दिवस हेल्मेट आणि खांद्यांचे पॅड, आणि पाचव्या दिवशी सगळा जामानिमा, अशा टप्प्यांनी शरीराला उन्हाची सवय लावावी लागते. सरावाच्या आधी आणि नंतर प्रत्येकाचे वजन करायचे; एका सकाळीत दोन किलो घाम गाळलेला मुलगा ही आमच्याकडे रोजची गोष्ट आहे. मैदानाच्या कडेला बर्फाच्या पाण्याचा मोठा टब भरून ठेवलेला असतो. उष्माघात झालाच तर मुलाला आधी त्यात बसवून शरीराचे तापमान उतरवायचे आणि मगच रुग्णालयात हलवायचे, हा आमचा पहिला धडा. सहा वर्षांत तो टब मला एकदाच खऱ्या अर्थाने वापरावा लागला, पण भरला मात्र रोज आहे.

माझ्या मनात कायमचा घर करून राहिलेला प्रसंग सप्टेंबरातला आहे. शनिवारच्या सामन्यात दुसऱ्या वर्षाच्या एका मुलाच्या डोक्याला मार बसला होता आणि त्याने तो आम्हा सर्वांपासून लपवला. रविवारी रात्री त्याच्याच खोलीत राहणारा, त्याच्याच जागेवर खेळण्यासाठी धडपडणारा मुलगा माझ्या दारात आला आणि खाली मान घालून म्हणाला, “तो खोलीत दिवा लावू देत नाही.” तपासणीत मेंदूला धक्का बसल्याचे निष्पन्न झाले. हळूहळू चालणे, मग धावणे, मग धक्क्याशिवायचा सराव, असे करत त्याला परतायला साडेतीन आठवडे लागले. आपण सांगितले तर जागा आपल्याला मिळेल आणि लोक त्यासाठीच सांगितले असे म्हणतील, हे ठाऊक असूनही तो मुलगा आला होता. मित्राने त्याच्याशी महिनाभर अबोला धरला. मी पाहिलेल्या सर्व खेळाडूंत मला तोच सर्वांत शूर वाटतो.

मिनेसोटाहून

मी नॉर्थफील्डला राहते. कार्लटन आणि सेंट ओलाफ ही दोन्ही महाविद्यालये या एकाच गावात आहेत आणि त्यांच्या सामन्यात जो जिंकेल त्याच्या दिशेला चौकातल्या स्मारकावरच्या गरुडाचे तोंड वळवण्याची प्रथा आहे. १९७७ साली या दोघांनी चक्क मीटरमध्ये आखलेल्या मैदानावर सामना खेळला होता. यार्डांना त्या दिवशी सुट्टी होती आणि सेंट ओलाफने तो ४३-० असा जिंकला. मीटर-किलोवर वाढलेल्या मला ही गोष्ट इतकी आवडते की भारतातून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला मी त्या चौकात नेऊन ती सांगते.

बोस्टनहून, पूर्वीचा विद्यार्थी

मी पुण्याहून संगणकशास्त्र शिकायला एका लहान महाविद्यालयात आलो. परदेशी विद्यार्थ्याला महाविद्यालयातच काम शोधावे लागते. मला फुटबॉल संघाचे चित्रीकरण मिळाले. एक कॅमेरा मैदानाच्या बाजूने आणि एक टोकाकडून, असे दोन कोन टिपायचे, प्रत्येक प्रयत्नाचा वेगळा तुकडा करायचा आणि सामना संपल्यावर तो सारा ऐवज प्रशिक्षकांच्या हवाली करायचा, असे माझे काम होते. त्या वर्षी आम्ही दहांपैकी एकच सामना जिंकलो, तोही तिसऱ्याच आठवड्यात. त्यानंतरचे सात आठवडे कसे गेले, ते मी कॅमेऱ्यातून पाहिले आहे. सेंट पॉलच्या मॅकॅलेस्टर महाविद्यालयाचा संघ १९७० च्या दशकात सलग ५० सामने हरला होता आणि अखेर १९८० मध्ये ती मालिका तुटली, हे आमचे प्रशिक्षक मुलांना अधूनमधून सांगत असत.

ऑक्टोबरातल्या एका सामन्यात आम्ही पन्नासहून अधिक गुणांनी मागे होतो आणि शेवटची दोन मिनिटे उरली होती. प्रतिस्पर्ध्यांचा एक खेळाडू चेंडू घेऊन सुटला आणि आमचा पहिल्या वर्षाचा एक मुलगा, जो एरवी मैदानात उतरतही नसे, त्याच्यामागे साठ यार्ड धावला. गुण गेलेच; त्याचा हात समोरच्याच्या पाठीला नुसता लागला. रविवारी सर्व संघासमोर प्रशिक्षकांनी तो तुकडा तीनदा लावला. एक शब्दही बोलले नाहीत. काळोख्या खोलीत शंभर मुले गप्प बसली होती आणि तो मुलगा आपल्या बुटांच्या नाड्यांकडे पाहत होता. आज मी नोकरीत बरेच काही शिकलो आहे, पण कुणाचे कौतुक कसे करावे ते तिथे शिकलो.

एक प्राध्यापक

मी संख्याशास्त्र शिकवतो. १२०० विद्यार्थ्यांच्या आमच्या महाविद्यालयात शंभरावर मुले फुटबॉल खेळतात, म्हणजे निम्मे विद्यार्थी मुलगे धरले तर साधारण प्रत्येक सहा मुलग्यांमागे एक. शिष्यवृत्ती नसल्यामुळे ती खेळासाठी येतात आणि फी भरतात. अनेक लहान महाविद्यालये संघ टिकवून आहेत त्याचे हेही एक कारण आहे, आणि ते उघडपणे बोलले जावे असे माझे मत आहे. उलट संख्या घटली की काय होते ते आयोवाच्या ग्रिनेल महाविद्यालयात २०१९ मध्ये दिसले : दुखापतींमुळे धडधाकट खेळाडू २८ वर आले आणि तीन सामन्यांनंतर उरलेला हंगाम खेळाडूंच्याच निर्णयाने रद्द झाला. तो निर्णय मला धैर्याचा वाटतो.

पेनसिल्व्हेनियाहून, एक आई

आमचा मुलगा चार वर्षे लेफ्ट गार्ड म्हणून खेळला. क्वार्टरबॅकच्या, म्हणजे चेंडू हाती घेऊन डाव चालवणाऱ्या खेळाडूच्या, पुढे जे पाच जण भिंत होऊन उभे राहतात, त्यांतला तो एक. चार वर्षांत एकदा सुटलेल्या चेंडूवर तो पडला, तेवढाच त्याचा चेंडूला हात लागला. टाळ्या वाजत तेव्हा सगळे चेंडूच्या मागे पाहत असत. मी मात्र चेंडू सोडून ६४ क्रमांकाकडे पाहायला शिकले. तो जमिनीवर असेल तर उठेपर्यंत माझा श्वास अडकलेला असे. वजन वाढवण्यासाठी तो रात्री दहा वाजता पुन्हा जेवायचा, आणि साताऱ्याहून माझ्या सासूबाई फोनवर विचारायच्या, “अगं, त्याला इतकं जाड का करताय?”

क्रिकेट म्हातारपणीही सोसायटीच्या मैदानात खेळता येते. हा खेळ तसा नाही. शेवटच्या वर्षाच्या मुलांसाठी शेवटचा सामना संपला की पॅड पुन्हा कधीच चढवायचे नसतात, आणि हे त्यांना बाविसाव्या वर्षी कळते. आमचा शेवटचा सामना नोव्हेंबरात, पावसात झाला आणि आम्ही चार गुणांनी हरलो. प्रेक्षक गेले, पाहुण्यांची बस निघाली, तरी चौदा मुले चिखलात तशीच बसून होती. हेल्मेट आणि पॅड महाविद्यालयाचे असतात, ते त्याच दिवशी परत करायचे असतात. साहित्य सांभाळणारे गृहस्थ चाकांची मोठी पेटी घेऊन दाराशी उभे होते. वय सत्तरीच्या आसपास, पाऊस टोपीवरून निथळत होता. मी जवळ जाऊन त्यांची क्षमा मागितली आणि मुलांना उठायला सांगू का, असे विचारले. त्यांनी मान हलवून नको म्हटले, पेटीचे झाकण पाऊस आत जाऊ नये म्हणून बंद केले आणि त्यावर बसून थर्मासमधली कॉफी ओतून घेतली.