सुलोचनाचा पगार गव्हर्नरपेक्षा जास्त? अशा दंतकथा इतिहासात ठेवाव्यात का?

रीळवाला
मूकपटांची राणी सुलोचना, म्हणजे पुण्याची रूबी मायर्स, हिच्यावरच्या बहुतेक लेखांत एक वाक्य असतंच: मुंबईच्या गव्हर्नरपेक्षा तिचा पगार जास्त होता. सांगितला जाणारा आकडा महिना 5000 रुपये. आता 1935 च्या भारत सरकार कायद्याचं तिसरं परिशिष्ट उघडा. मुंबईच्या गव्हर्नरला वर्षाला 1,20,000, म्हणजे महिना 10,000! दंतकथा स्वतःच्याच आकड्याने खोटी पडते. इतिहासकाराने हे वाक्य सरळ कापावं.

चंदेरी
असहमत. सुमारे 1300 मूकपट निघाले, त्यातले जेमतेम 30 हाती आहेत, तेही बरेच तुकड्यांत. तिचं काम पाहून तिची लोकप्रियता जोखायची सोयच नाही. मग लोक तिच्याबद्दल काय बोलत होते हाच मोठा पुरावा. तो कापलात तर उरते फक्त चित्रपटांची यादी.

रीळवाला
लोक बोलत होते हे कशावरून? 1930 च्या आसपासच्या मासिकाच्या अंकात ते वाक्य छापलेलं सापडलं, तर तारखेसह "तेव्हाची वदंता" म्हणून जरूर द्या. पण ते पहिल्यांदा साठ-सत्तरच्या दशकातल्या आठवणींत दिसत असेल, तर ते आठवणी लिहिणाऱ्यांच्या काळाबद्दल सांगतं, तिच्या काळाबद्दल नाही.

पुस्तिकाप्रेमी
तुम्ही पगारावर अडलात, इथे यादीचाच पत्ता नाही. पडद्यावर नाव येतं नुसतं "सुलोचना". 1953 च्या 'अनारकली'तली जोधाबाई ही रूबी मायर्स, 1970 च्या 'जॉनी मेरा नाम'मधली आई ही सुलोचना लाटकर. त्यामुळे पन्नाशीच्या दशकापासूनची प्रत्येक नोंद चेहरा पाहूनच करावी. नावावरून केली की दोन बायकांची एक कारकीर्द तयार होते.
फोटोंचं तर विचारूच नका. 'अनारकली' 1928 ला मूक, 1935 ला बोलपट. दोन्हींत तीच, समोर डी. बिलिमोरियाच, दिग्दर्शक आर. एस. चौधरीच. फोटोखाली नावं असून उपयोग शून्य. साल पक्कं करायचं तर तो फोटो त्याच वेळच्या मासिकात किंवा जाहिरातीत छापलेला दाखवावा लागतो. गाण्यांच्या पुस्तिकेत असेल तर बोलपट, हे सोपं.

चंदेरी
यादीबद्दल मान्य. पण पगाराच्या दंतकथेने कोणाचं काय बिघडतं?

रीळवाला
बिघडतं. आपला पहिला बोलपट 'आलम आरा', त्याची शेवटची प्रिंट जानेवारी 2003 च्या पुण्यातल्या आगीत जळाली, असं अजून छापलं जातं. तिथलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं करणारे पी. के. नायर सांगत राहिले की ती प्रिंट संग्रहालयाकडे कधी आलीच नव्हती. संग्रहालय सुरू झालं 1964 मध्ये, चित्रपट 1931 चा. मधल्या तेहेतीस वर्षांत तो कुठे गेला, हा खरा प्रश्न. आगीची गोष्ट पटली की तो कोणी विचारत नाही.

चंदेरी
हे पटलं. तरी सुलोचनाचं वाक्य ठेवाच, आणि गव्हर्नरचे 10,000 त्याच ओळीत लिहा. तळटीपेत टाकलेत तर पुढचा लेखक वाक्य उचलेल आणि टीप सोडून देईल.