शब्दचर्चा : ‘क्रॉनिक किडनी डिसीज’मधला ‘क्रॉनिक’

परळला एका लॅबमध्ये रिपोर्ट द्यायच्या खिडकीवर मी अकरा वर्षं बसते आहे. मागच्या महिन्यात विशीतली एक मुलगी वडिलांचे रिपोर्ट न्यायला आली. वडील मागे बाकड्यावर बसले होते. चपला काढून पाय मोकळे केलेले, पावलं सुजलेली आणि पट्ट्याचा वळ खोल उमटलेला. मुलीनं पाकीट उघडलंच नाही. डॉक्टरांचा कागद काचेला टेकवून, वडिलांना ऐकू जाऊ नये अशा आवाजात तिनं विचारलं, “ताई, हे क्रॉनिक लिहिलंय. म्हणजे शेवटचं ना?”

खिडकीवरून रिपोर्टबद्दल बोलायची मला परवानगी नाही, आणि ते योग्यच आहे. पण शब्दाचा अर्थ सांगायला कुणाची हरकत नसावी. मी म्हटलं, “नाही गं. क्रॉनिक म्हणजे बऱ्याच दिवसांपासूनचं. किती बिघडलंय ते या शब्दात नाहीच. ते डॉक्टर आकडे बघून सांगतील.” तिनं मला तेच वाक्य परत म्हणायला लावलं आणि मग बाकड्याकडे गेली.

हा प्रश्न मला आठवड्यातून एकदा तरी येतो, म्हणून आज या शब्दावर सविस्तर लिहिते आहे.

‘क्रॉनिक’च्या मुळाशी ग्रीक ‘ख्रोनोस’ आहे, म्हणजे काळ. आजार किती दिवस चालला आहे एवढंच हा शब्द सांगतो. मुंबईच्या बोलण्यात मात्र तो पार निराळ्या वाटेनं गेला. “एकदम क्रॉनिक केस आहे” असं आपण म्हणतो तेव्हा आपल्याला ‘हाताबाहेर गेलेली’ असं म्हणायचं असतं. हे कसं झालं असावं याचा मी पुष्कळ विचार केला. एक तर ‘क्रिटिकल’ आणि ‘क्रॉनिक’ दोन्ही ‘क्र’नं सुरू होतात, दोन्ही दवाखान्यातच कानावर पडतात आणि सांगणाऱ्याचा चेहरा दोन्ही वेळा गंभीर असतो. दुसरं म्हणजे, “हा आजार आता कायम राहणार” हे वाक्य कुठल्याही घरात वाईट बातमी म्हणूनच ऐकलं जातं. कायमचं आणि भयंकर हे दोन्ही मनात एकत्र होतात, आणि शब्दाला दुसराच अर्थ चिकटतो.

खरं तर किडनीच्या आजारात या शब्दाला अगदी नेमकं माप आहे : तीन महिने. ‘केडिगो’ या आंतरराष्ट्रीय संस्थेनं २०१२ साली दिलेली व्याख्या साधारण अशी आहे, की मूत्रपिंडाच्या रचनेत किंवा कामात बिघाड असेल, तो तीन महिन्यांहून जास्त टिकला असेल आणि त्याचा प्रकृतीवर परिणाम होत असेल, तर त्याला क्रॉनिक म्हणायचं. म्हणून तर डॉक्टर एका रिपोर्टवर सहसा थांबत नाहीत, तीन महिन्यांनी तीच तपासणी पुन्हा करायला सांगतात किंवा जुने कागद मागतात. “पुन्हा कशाला पैसे घालवायचे” असं खिडकीवर म्हणणाऱ्यांना मी हे सांगत असते. ती दुसरी तपासणी ‘क्रॉनिक’ हा शब्द खरा की खोटा ते ठरवते.

बिघाड किती, हे दुसरीकडून कळतं. मूत्रपिंडं मिनिटाला किती मिलिलिटर गाळतात त्याचा अंदाज, म्हणजे जीएफआर. तो रक्तातल्या क्रिएटिनिनवरून, म्हणजे किडनी गाळून टाकते त्या एका टाकाऊ पदार्थावरून, वय आणि लिंग धरून काढतात. ९० किंवा जास्त असेल तर पहिली स्टेज, ६० ते ८९ दुसरी, ३० ते ५९ तिसरी, १५ ते २९ चौथी, १५च्या खाली पाचवी. पहिल्या दोन स्टेजमध्ये नुसता आकडा पुरत नाही, लघवीतून प्रथिनं जाणं यासारखी बिघाडाची दुसरी खूण लागते. तिसरीचेही दोन भाग करतात, ४५च्या वर आणि ४५च्या खाली. ‘स्टेज थ्री’ ऐकल्यावर घरच्यांना कॅन्सर आठवतो, कारण स्टेज हा शब्द आपण बहुतेक कॅन्सरबरोबरच ऐकलेला असतो. किडनीच्या तिसऱ्या स्टेजमध्ये बीपी आणि शुगर ताब्यात ठेवून वर्षानुवर्षं कामधंदा करणारी माणसं आहेत. दर तीन महिन्यांनी रिपोर्ट न्यायला येतात, गणपतीत सुट्टी कधी ते विचारून जातात.

आता मराठी शब्दाचं काय?

परिभाषेत ‘चिरकारी’ आहे. कोशात शोभतो, पण खिडकीवर म्हणून बघा. ऐकणाऱ्याला ‘चिरणं’ ऐकू येतं आणि त्याला वाटतं ऑपरेशन आहे. माझ्याबरोबर असं खरंच झालं आहे. त्यानंतर मी तो शब्द तोंडी वापरलेला नाही. ‘दीर्घकालीन’ बिनचूक आहे, माहितीपत्रकात तोच असावा. बोलण्यात मात्र तो सरकारी वाटतो.

‘जुनाट’ हा घरातला शब्द. जुनाट खोकला, जुनाट दुखणं. त्याच्यावर एक आक्षेप नेहमी येतो, “आम्हाला तर आत्ताच कळलं, मग जुनाट कसा?” माझं म्हणणं असं की हाच त्या शब्दाचा गुण आहे. किडनीचा हा आजार सुरुवातीला काहीच दाखवत नाही. दुखत नाही, लघवी होत असते, भूक लागत असते. कळतो तेव्हा तो आधीपासूनच असतो. ‘जुनाट’ म्हटल्यावर ते आपोआप सांगितलं जातं.

आणि एक शब्द माझ्या आजीचा. ताप उतरूनही अंगात कसर राहिली की ती म्हणायची, “ताप मुरलाय.” लोणचं मुरतं, पाणी जमिनीत मुरतं, आजार अंगात मुरतो. ‘मुरणं’मध्ये काळ आहे, शांतपणा आहे आणि आत आत जाणंही आहे. या आजाराचं याहून अचूक वर्णन मला मराठीत सापडलेलं नाही. “किडनीचा मुरलेला आजार आहे” असं म्हटलं की समोरचा घाबरून गळून जात नाही आणि हसण्यावारीही नेत नाही. “कधीपासून असेल?” असा योग्य प्रश्न विचारतो.

याच्या जोडीचा ‘अक्यूट’ तर आणखी घोळ करतो. त्याला आपण ‘तीव्र’ म्हणतो. मूळ लॅटिन शब्द ‘टोकदार’ अशा अर्थाचा, म्हणून ‘तीव्र’ चुकीचा म्हणता येणार नाही. पण मग ऐकणारा असं धरून चालतो की तीव्र म्हणजे जास्त वाईट आणि दीर्घकालीन म्हणजे कमी वाईट, किंवा बरोबर उलटं. खरा फरक वेगाचा आहे. अक्यूटमध्ये क्रिएटिनिन तासांत किंवा दिवसांत चढतं. मुंबईकराला हे लेप्टोवरून, म्हणजे पावसाळ्यात साचलेल्या पाण्यातून होणाऱ्या लेप्टोस्पायरोसिसवरून, लगेच कळतं. २६ जुलै २००५च्या पुरानंतर शहरात लेप्टोचे किती रुग्ण आले ते ज्यांनी पाहिलं त्यांना आठवत असेल. साचलेल्या पाण्यातून चालत गेलेला धडधाकट माणूस, आठ-दहा दिवसांत ताप, डोळे पिवळे, लघवी बंद. क्रिएटिनिन सहा, सात. आणि नीट उपचार झाले तर बऱ्याच जणांची मूत्रपिंडं पुन्हा कामाला लागतात. म्हणून अक्यूटला मी ‘अचानक झालेला’ म्हणते.

इथेच दुसऱ्या एका शब्दाकडे यावं लागतं, आणि मला तो ‘क्रॉनिक’हूनही महत्त्वाचा वाटतो. तो शब्द आपला, अस्सल मराठी : लागणं.

डॉक्टर म्हणतात, “डायलिसिस लागेल.” त्यांच्या मनात ‘लागणं’ म्हणजे गरज असणं. जसे पैसे लागतात, दाखला लागतो. घरचे ऐकतात ते दुसरं लागणं. सवय लागते, नजर लागते, व्यसन लागतं, म्हणजे एकदा चिकटलं की सुटत नाही. “एकदा डायलिसिस लागलं की संपलं” हे वाक्य मी इतक्या तोंडून ऐकलं आहे, की त्याचं निम्मं कारण या क्रियापदात आहे असं मला मनापासून वाटतं. लेप्टोच्या पेशंटला चार-पाच वेळा डायलिसिस करून ते थांबवताही येतं, पण अशा एका पेशंटच्या भावानं सही करायला रात्र लावली कारण “लागलं तर?” पाचव्या स्टेजच्या माणसाला ते बहुतेक वेळा चालूच ठेवावं लागतं, सहसा आठवड्यातून तीनदा, चार-चार तास. पण तेही सुरू केल्यामुळे नव्हे. किडनी परत येत नाही म्हणून. कारण आणि परिणाम या एका शब्दात उलटेपालटे होतात. “डायलिसिस करू या, मग किडनी किती साथ देते ते बघू” असं म्हणणारे डॉक्टर मी पाहिले आहेत. त्या वाक्यात ‘लागणं’ नाही, आणि समोरच्याचा चेहरा वेगळा असतो.

‘फेल’ आणि ‘निकामी’बद्दल थोडक्यात. जीएफआर १५च्या खाली गेला की त्याला किडनी फेल्युअर म्हणतात, पण १२ म्हणजे शून्य नव्हे. वर्तमानपत्रात ‘दोन्ही मूत्रपिंडं निकामी’ छापतात तेव्हा वाचणाऱ्याला तिथे काहीच उरलं नाही असं वाटतं. इंग्रजीवाल्यांनाही हे खुपलं आहे. २०१९च्या जूनमध्ये माद्रिदला केडिगोची खास शब्दांवर परिषद झाली आणि २०२० साली तिचा अहवाल आला. त्यात ‘रीनल’ आणि ‘नेफ्रो’ऐवजी शक्य तिथे साधं ‘किडनी’ म्हणा, आणि ‘एंड-स्टेज’ म्हणणं टाळा, असं सुचवलं. रुग्णाला कळेल आणि त्याला बोचणार नाही असा शब्द हवा, हा विचार त्यामागे होता. मराठीत हे काम आपल्यालाच करावं लागेल.

मी एवढ्या पोटतिडकीनं का लिहिते ते सांगते. आमचे अण्णा बासष्टचे असताना त्यांचं क्रिएटिनिन २.१ आलं. एका दवाखान्यात सांगितलं, “क्रॉनिक आहे, आता असंच राहणार.” एवढंच. आम्ही लालबागच्या दहा बाय बाराच्या खोलीत बसून त्याचा अर्थ लावला. आईनं देवापुढे दिवा लावला. काकांनी ठरवलं की आता हाल कशाला, गावी नेऊ. अण्णांनी बीपीच्या गोळ्याही सोडल्या, “आता काय उपयोग” म्हणून. आठ महिन्यांनी त्यांना धाप लागलेल्या अवस्थेत परत मुंबईला आणलं, ते सरळ डायलिसिसला. पुढे मी लॅबमध्ये लागले. त्यांचा तो जुना कागद मी जपून ठेवला होता. एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत त्यावरून जीएफआर काढला. पस्तीसच्या आसपास आला. तिसरी स्टेज. गोळ्या चालू असत्या तर किती वर्षं मिळाली असती हे कुणीच सांगू शकत नाही. पण ते आठ महिने आजारानं घेतले नाहीत, आमच्या चुकीच्या अर्थानं घेतले. तो कागद अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे.

‘अपोहन’बद्दल मला एकांनी विचारलं होतं, तो शब्द डायलिसिससाठी बनवलेला आहे का? शब्द जुना आहे. गीतेचा पंधरावा अध्याय ज्यांचा पाठ आहे त्यांनी तो लहानपणापासून म्हटलेला आहे, “मत्तः स्मृतिर्ज्ञानमपोहनं च”. अप अधिक ऊह, म्हणजे दूर सारणं, काढून टाकणं. रक्तातली घाण दूर सारणाऱ्या उपचाराला हे नाव देणाऱ्याची निवड फार चांगली होती. तरी वॉर्डात कुणी तो म्हणत नाही आणि म्हणणारही नाही. ‘डायलिसिस’ आता मराठीच झाला आहे, त्याला हलवू नये असं माझं मत.

‘फिस्टुला’वर मात्र कुणीतरी काम करावं. डायलिसिससाठी हातातली शीर आणि धमनी जोडतात, त्याला फिस्टुला म्हणतात. लॅटिनमध्ये नळी. पण आपल्याकडे फिस्टुला म्हणजे भगंदर, हे लोकांना पक्कं माहीत आहे. गेल्या पावसाळ्यात एक आजोबा नातवावर चिडले होते, “मला तिकडचा काही त्रास नाही, ऑपरेशन कसलं करतात?” नातवाला उत्तर देता येईना. मी त्यांना शेजारच्या बाकावरच्या एका काकूंकडे नेलं. त्यांचा फिस्टुला चार वर्षांचा आहे. त्यांनी बाही वर केली आणि आजोबांचा हात धरून आपल्या मनगटाच्या वर ठेवला. कातडीखालची ती सळसळ हाताला लागली तसे आजोबा गप्प झाले. मग काकूंनाच विचारलं, “याला तुम्ही काय म्हणता?” काकू म्हणाल्या, “आम्ही ‘जोड’ म्हणतो. जोड चालतोय ना, एवढं रोज सकाळी बघायचं.”

‘जोड’ मला फार आवडला. तुमच्याकडे, घाटावर, विदर्भात, तळकोकणात याला आणि ‘क्रॉनिक’ला घरात काय म्हणतात ते जरूर कळवा. ‘मुरणं’ आजाराला लावतात का, हेही.